खानेसुमारीचा आकडा आणि गावाचा आराखडा

रखडलेली खानेसुमारी अखेर होऊ घातली आहे. २०२१ साली व्हावयाची मोजणी महामारीमुळे पुढे गेली, पुढे जातच राहिली आणि शेवटी १६ जून २०२५ रोजी केंद्र सरकारची अधिसूचना निघाली. घरयादीसाठी एप्रिल ते सप्टेंबर २०२६ हा काळ आणि शिरगणतीसाठी १ मार्च २०२७ ची मध्यरात्र मुक्रर करण्यात आली. म्हणजे दोन मोजण्यांमध्ये दहाऐवजी सोळा वर्षांचे अंतर पडले. या सोळा वर्षांत गोमंतकातील खाणी दोनदा बंद पडल्या, मोपाच्या पठारावर दुसरा विमानतळ उभा राहिला, आणि किनाऱ्याच्या गावांचे रूप असे पालटले की परदेशाहून परतणाऱ्याला आपलाच वाडा ओळखू येऊ नये. तरीही नळाला पाणी किती लागेल, शाळेत मुले किती येतील आणि कोणत्या डोंगरावर घरे बांधू द्यावयाची, हे सारे हिशेब २०११ च्या आकड्याला अंदाजाचे ठिगळ लावून चालले आहेत. हे ठिगळ कसे लावले जाते आणि त्याची किंमत कोण मोजतो, याचा विचार नवा आकडा हाती येण्यापूर्वीच व्हावयास हवा.

प्रथम जुन्या आकड्यांकडे पाहू. १९०० साली गोव्याची लोकसंख्या ४ लाख ७५ हजार होती. १९६० च्या पोर्तुगीज मोजणीत ती ५ लाख ९० हजार भरली. साठ वर्षांत वाढ अवघी सव्वा लाखाच्या आत! याचा अर्थ गोमंतकीयांच्या घरी पाळणे हलत नव्हते असा नव्हे. पाळण्यातला मुलगा मोठा झाला की मुंबईची, आफ्रिकेची किंवा आगबोटीची वाट धरीत होता, एवढाच त्याचा अर्थ. १९६० च्या मोजणीत दर हजार पुरुषांमागे १,०६६ स्त्रिया आढळल्या. घरचा कर्ता दूर देशी आणि बायका-म्हातारी माणसे गावात, हे जे चित्र प्रत्येक वाड्यावर दिसत होते त्याचीच ही आकड्यांतली नोंद होती.

मुक्तीनंतर हे चित्र उलटले. १९७१ साली लोकसंख्या ७ लाख ९५ हजार झाली. अकरा वर्षांत जवळजवळ ३५ टक्के वाढ, आणि स्त्रियांचे प्रमाण हजारी ९८१ वर आले. म्हणजे आता पुरुष बाहेर जात नव्हते, बाहेरून येत होते. खाणी, बंदर, बांधकाम, नवी सरकारी कचेरी आणि नवी शाळा यांनी त्यांना बोलावले होते. १९८१ साली दहा लाखांचा टप्पा ओलांडला गेला. त्या दशकातील वाढ २६.७४ टक्के. पुढे मात्र वेग उतरत गेला. १९९१ पर्यंत १६ टक्के, २००१ पर्यंत १५ टक्के, आणि २००१ ते २०११ या दशकात केवळ ८.२३ टक्के. २०११ साली गोव्याची लोकसंख्या १४ लाख ५८ हजार ५४५ होती.

आता एक साधे गणित करून पाहावे. १९६० साली बसून कोणी नियोजनकाराने मागल्या दशकाचा वेग पुढे ओढला असता, तर १९७१ साठी त्याने सुमारे ६ लाख ३६ हजारांचा अंदाज दिला असता. प्रत्यक्षात माणसे त्याहून दीड लाखाने अधिक निघाली. त्या अनुभवाने शहाणा होऊन दुसऱ्या कोणी १९७१ साली मुक्तीनंतरचा वेग पुढे ओढला असता, तर २०११ साठी त्याचे उत्तर २३ लाखांवर गेले असते. १९८१ साली त्या दशकाचा वेग धरणाऱ्याचे उत्तर साडेवीस लाख आले असते. प्रत्यक्ष आकडा यांपैकी कोणाच्याही जवळपास नाही. एकाने कमी सांगितले, दोघांनी अधिक सांगितले. पण तिघांची चूक एकच. आज जे चालले आहे तेच उद्या चालेल, असे तिघांनीही धरून चालले.

खाजनाच्या मानशीवर बसणारा माणूस अशी चूक करीत नाही. पाणी चढत आहे म्हणून ते चढतच राहील असे तो मानीत नाही. भरती कोणत्या तिथीला, किती वेळ आणि कशामुळे, हे तो जाणतो, आणि त्याप्रमाणे दार उघडतो किंवा पाडतो. लोकसंख्येच्या शास्त्रातही नेमके हेच सांगितलेले आहे. कोणत्याही प्रदेशाची लोकसंख्या चार गोष्टींनी बदलते: जन्म, मृत्यू, येणारे आणि जाणारे. या चारांचा वयोगटांप्रमाणे वेगवेगळा हिशेब मांडून मगच बेरीज करावयाची असते. मोठ्या देशात येणाऱ्या-जाणाऱ्यांचा भाग लहान असतो, म्हणून तेथे जन्म-मृत्यूंवरून अंदाज बरा उतरतो. गोव्यासारख्या ३,७०२ चौरस किलोमीटरांच्या भूमीत मात्र हे पारडे नेमके उलटे आहे. येथे लोकसंख्या ठरते ती पाळण्यापेक्षा वेशीवर.

आणि पाळणा तर आता फारच मंदावला आहे. २०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत गोव्यातील एकूण जननदर दर स्त्रीमागे १.३ इतका आढळला. एका पिढीची जागा दुसऱ्या पिढीने भरून काढावयाची तर तो २.१ च्या आसपास असावा लागतो. दुसरीकडे साठीच्या पुढील माणसांचे प्रमाण २०११ सालीच ११.२ टक्के होते. देशात केरळच्या खालोखाल ते होते. तेव्हा उद्याच्या गोव्याचे चित्र असे दिसते की, येथे जन्मलेल्यांची संख्या हळूहळू घटत जाईल, त्यांत वृद्धांचा वाटा वाढत जाईल, आणि एकूण आकडा वाढो की घटो, ते बाहेरून येणाऱ्यांवर आणि बाहेर जाणाऱ्यांवर अवलंबून राहील.

येणारा येतो कशासाठी आणि जाणारा जातो कशासाठी? कामासाठी. म्हणूनच लोकसंख्येचा अंदाज हा अर्थव्यवस्थेच्या अंदाजावाचून करता येत नाही, हा या शास्त्रातील पहिला धडा आहे. प्रत्येक प्रदेशात काही उद्योग पायाचे असतात. त्यांची मिळकत प्रदेशाबाहेरून येते. गोव्यात खनिज, पर्यटन, वेर्ण्यासारख्या वसाहतींतील औषधांचे कारखाने आणि जहाजांवरून व आखातातून येणारी मनिऑर्डर हे असे पायाचे धंदे होत. किराणा दुकान, गॅरेज, शिंपी, शिकवणी, खासगी दवाखाना हे त्या पायावर उभे असतात. पाया खचला की वरचे सारे हलते.

हे आपण पुस्तकात वाचलेले नाही, डोळ्यांनी पाहिले आहे. २०१०–११ च्या सुमारास गोव्यातून वर्षाला पाच कोटी टनांच्या घरात खनिजाची निर्यात होत होती. त्या तेजीकडे पाहून डिचोली, सत्तरी, सांगे, केपे या भागांत कर्ज काढून ट्रक घेतले गेले, कामगारांसाठी खोल्या बांधल्या गेल्या, हॉटेले निघाली. २०१२ साली खाणी बंद झाल्या. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वर्षाला दोन कोटी टनांची मर्यादा घालून वाट मोकळी केली. फेब्रुवारी २०१८ मध्ये लीजांचे नूतनीकरणच रद्द ठरवले आणि मार्चपासून पुन्हा सारे थंडावले. ट्रक झाडाखाली गंजले, भाड्याच्या खोल्यांना कुलुपे लागली, तरुण मुले पणजी-म्हापशाकडे नाहीतर सरळ परदेशी निघाली. चढत्या रेषेवर विसंबून ज्याने कर्ज काढले त्याला ती रेषा खाली आल्यावर कोणी हप्ता माफ करून दिला नाही. अंदाज चुकवणारा एक आणि भोगणारा दुसरा, हे या विषयातील खरे दुखणे आहे.

हीच गोष्ट जमिनीच्या बाबतीत घडली. गोव्याचा नगरनियोजन कायदा १९७४ चा. त्याखाली २००१ सालापर्यंतचा प्रादेशिक आराखडा १९८६ मध्ये आला. २०११ सालापर्यंतचा आराखडा २००६ मध्ये अधिसूचित झाला, आणि शेतजमिनी व डोंगर वस्तीसाठी खुले केल्याच्या आरोपावरून एवढे आंदोलन पेटले की जानेवारी २००७ मध्ये तो सरकारला मागे घ्यावा लागला. त्या वादात पर्यावरणाची बाजू पुष्कळ बोलली गेली. पण ज्या दशकासाठी हा आराखडा होता त्या दशकात गोव्याची माणसे वाढली किती? १ लाख १० हजार ८७७. एका कुटुंबात साडेचार माणसे धरली तर पंचवीस हजार घरे. एकत्र कुटुंबे विभक्त होतात, जुनी घरे मोडतात, हे जमेस धरून तो आकडा दुप्पट केला तरी पन्नास हजार. आणि २०११ च्याच खानेसुमारीत, दुकाने-कचेऱ्यांसह मोजलेल्या सुमारे पावणेसहा लाख घरांपैकी सव्वा लाखाच्या आसपास घरे रिकामी आढळली! म्हणजे पाचांत एकाहून अधिक घर बंद.

या बंद घरांत एक घर आपल्या ओळखीचे आहे. ते एरवी वर्षभर कुलपात असते आणि चवथीला माटोळी बांधण्यापुरते उघडते. त्या घराविषयी आमच्या मनात जिव्हाळाच आहे. परंतु त्याच्या शेजारच्या डोंगरावर उभ्या राहिलेल्या इमारतीतील जो फ्लॅट दिल्ली-मुंबईच्या मालकाने पैसा गुंतवण्यासाठी घेऊन ठेवला, तोही कागदावर ‘रिकामे घर’ असाच नोंदला जातो. तेव्हा घरे कमी पडतात म्हणून डोंगर कापावयास हवेत, हा युक्तिवाद आकड्यांपुढे टिकत नाही. घरे पुष्कळ आहेत. ज्याला राहावयाचे आहे त्याला परवडणारी नाहीत. हा प्रश्न लोकसंख्येचा नसून किमतीचा आहे, आणि लोकसंख्येच्या नावाने तो सोडविण्याचा आव आणला की डोंगरही जातो आणि मुंडकाराचा मुलगाही बिऱ्हाडाविना राहतो.

मग पाणी कोठे जाते? वस्ती एवढी थोडी वाढली तर उन्हाळ्यात बार्देशातील नळ कोरडे का? याचे उत्तर खानेसुमारीत सापडत नाही, कारण खानेसुमारी पाहुण्याला मोजत नाही. २०२४ साली गोव्यात आलेल्या पर्यटकांची सरकारी संख्या एक कोटीच्या पुढे गेली. प्रत्येक पर्यटक सरासरी चार दिवस राहतो असे समजून चालू. चार कोटी दिवसांना ३६५ ने भागले की कोणत्याही दिवशी येथे सुमारे एक लाख दहा हजार पाहुणे मुक्कामाला असल्याचे दिसते. २००१ ते २०११ या सबंध दशकात गोव्याची जेवढी लोकसंख्या वाढली, जवळपास तेवढीच ही रोजची अदृश्य वस्ती आहे. ती अकरा-बारा तालुक्यांत सारखी पसरलेली नाही. तिचा मोठा भाग किनाऱ्याच्या पट्ट्यात आणि डिसेंबरच्या पंधरवड्यात एकवटतो. तिची आंघोळ, तिचा कचरा, तिची वीज आणि तिची वाहने यांचा भार मात्र गावच्या पंचायतीवर पडतो, आणि त्या पंचायतीचे अनुदान, कर्मचारी व नळयोजना २०११ च्या रहिवाशांवरून ठरतात.

दुसरी एक वस्ती याहूनही अदृश्य आहे. ट्रॉलरवर जाळी ओढणारा, स्लॅब घालणारा, हॉटेलात भांडी विसळणारा मजूर खोलीत दहा जणांसह राहतो. त्याच्या नावाने भाषणे पुष्कळ होतात. त्याची नोंद नीट होत नाही. ‘बाहेरचे आले’ म्हणून ओरड करणे सोपे आहे. पण आपली मुले बाहेर गेली आणि त्यांनी सोडलेली व न सोडलेली कष्टाची कामे करावयास कोणी आले, हा एकाच नाण्याचा दोन्ही बाजूंचा ठसा आहे. मुंबईच्या कुडांमध्ये दाटीवाटीने राहिलेल्या गोमंतकीयांच्या नातवंडांना हे समजावून सांगावे लागू नये. मोजलेल्या मजुराला पाणी, शौचालय आणि त्याच्या मुलाला शाळा देता येते. न मोजलेला मजूर नाल्याकाठी झोपडी बांधतो, आणि मग तिची तक्रार आपणच करतो.

खानेसुमारीच्या आकड्यांत आणखी एक गंमत दडलेली आहे. २०११ साली गोव्याचे ६२.१७ टक्के लोक शहरी ठरले. दहा वर्षांपूर्वी हे प्रमाण ४९.७६ टक्के होते. एवढी शहरे आली कोठून? ७० शहरांपैकी ५६ ही केवळ ‘जनगणना शहरे’ आहेत. पाच हजारांवर वस्ती, दाटी आणि शेती सोडून इतर व्यवसाय एवढ्या कसोट्यांवर ती शहरे ठरली. कारभार मात्र ग्रामपंचायतीचाच राहिला. म्हणजे माणसे शहराची, गटार गावाचे! ज्या पंचायतीकडे एक सचिव आणि दोन कारकून आहेत तिच्याकडून शहराच्या मलनिस्सारणाचे नियोजन अपेक्षिणे ही थट्टा होय.

शिवाय सबंध गोव्याचा एकच आकडा फसवा असतो. २०११ साली साष्टीत २ लाख ९४ हजार आणि बार्देशात २ लाख ३७ हजार माणसे होती. काणकोणात ४५ हजार आणि सत्तरीत ६४ हजार. सत्तरीच्या मानाने मुरगाव हा लहानसा तालुका, पण तेथे दीड लाखावर वस्ती. पेडण्यात तेव्हा ७५ हजार ७४७ माणसे होती. डिसेंबर २०२२ मध्ये मोपा विमानतळाचे उद्घाटन झाल्यापासून तेथील जमिनीचा भाव आणि वस्तीचा रोख दोन्ही बदलले. पेडण्याचा प्रश्न येणाऱ्यांचा आहे, काणकोण-सत्तरीचा प्रश्न जाणाऱ्यांचा आहे. एका गावाला नवी शाळा हवी, दुसऱ्या गावात आहे ती शाळा पटाअभावी बंद पडते आहे. दोघांना एकच टक्केवारी लावणारे नियोजन दोघांवरही अन्यायच करील.

हा विषय आपल्या घरापुरता आहे असेही नाही. म्हादईचा तंटा घ्या. हुबळी-धारवाडला पिण्याचे पाणी हवे, या मागणीच्या मुळाशी अमुक साली त्या शहरांची वस्ती अमुक होईल हा अंदाजच आहे. २०१८ च्या निवाड्यात लवादाने कर्नाटकाला १३.४२ अब्ज घनफूट पाणी देऊ केले. उद्या आपली गरज मांडताना आपल्याकडे तालुक्यावार, हंगामावार, पाहुण्यांसह तपशील नसेल तर आपली बाजू भावनेची ठरेल आणि समोरच्याची आकड्यांची. आडात नाही ते पोहऱ्यात कोठून येणार?

तेव्हा करावयाचे काय? आम्हांस वाटते, पुढील गोष्टी अवघड नाहीत. पहिली, सरकारने भविष्याचा एकच आकडा देणे सोडावे. खाणी पूर्ण जोराने चालल्या तर, मर्यादेत चालल्या तर आणि न चालल्या तर. पर्यटन वाढले तर आणि ओसरले तर, असे किमान तीन अंदाज तालुक्यागणिक मांडावेत आणि प्रत्येकामागील गृहीते लोकांपुढे ठेवावीत. केंद्राच्या तज्ज्ञ गटाने २०२० साली प्रसिद्ध केलेले २०३६ पर्यंतचे अंदाज राज्यवार आहेत. त्यांतून बार्देश वा सांगे यांच्या नळाचे गणित सुटत नाही. हे काम आपल्याच नियोजन व सांख्यिकी खात्याने करावयाचे आहे.

दुसरी गोष्ट, दहा वर्षे थांबावे न लागणारी मोजणी गावातच होऊ शकते. समजा, एखाद्या पंचायतीच्या घरपट्टीच्या वहीत १,२०० घरे आहेत. वीजबिलांवरून त्यांतील ३०० वर्षभर बंद असल्याचे कळते. उरलेल्या ९०० घरांत सरासरी चार माणसे, म्हणजे ३,६०० रहिवासी. त्यांत भाड्याच्या खोल्यांतील मजूर आणि हॉटेलांतील खाटा मिळवल्या की गावाचा खरा भार समजतो. शाळेचा पट, जन्म-मृत्यूची नोंद आणि शिधापत्रिका यांच्याशी तो ताडून पाहता येतो. १९१ पंचायतींनी दरवर्षी एक पान एवढे भरले तरी पुढील आराखडा अंधारात होणार नाही.

तिसरी आणि महत्त्वाची गोष्ट. २०२१ सालापर्यंतच्या आराखड्याची मुदत केव्हाच उलटली, आणि समग्र विचाराची जागा एकेका सर्वे नंबरच्या झोन-बदलाने घेतली. तो वाद न्यायालयांपर्यंत गेला. आमचे स्पष्ट मत आहे की, ज्या झोन-बदलाचे समर्थन लोकसंख्येच्या गरजेने केले जाते त्यासोबत ती गरज दाखवणारा हिशेब जोडलेला असलाच पाहिजे, आणि तो त्या गावच्या ग्रामसभेपुढे लोकांना कळणाऱ्या भाषेत वाचला गेलाच पाहिजे. किती घरे आहेत, किती बंद आहेत, पाणी किती आहे, आणि नवी घरे कोणासाठी? या चार प्रश्नांची उत्तरे ज्याला देता येत नाहीत त्याला डोंगर मागण्याचा अधिकार नाही.

आणि शेवटची गोष्ट वाचकांसाठी. गणक दारात येईल तेव्हा त्याला खरे सांगावे. घरातील मुलगा लंडनला आहे तर तो येथे राहतो असे लिहवू नये. मागल्या खोलीत चार भाडेकरू आहेत तर ते नाहीत असेही सांगू नये. एका घरची खोटी नोंद क्षुल्लक वाटते, परंतु तिच्याच बेरजेवर उद्या पाण्याची टाकी बांधली जाईल किंवा बांधली जाणार नाही. ज्या घरात दोन वृद्ध माणसेच उरली आहेत ते घर तसेच नोंदले गेले, तरच गावच्या आरोग्य केंद्रात त्यांच्यासाठी एखादी खाट आणि एखादी परिचारिका मिळण्याची आशा. बैल गेला नि झोपा केला असे होऊ द्यावयाचे नसेल, तर मोजणी होण्यापूर्वीच तिचा उपयोग काय करावयाचा हे ठरले पाहिजे. भरतीची वेळ टळून गेल्यावर मानशीचे दार पाडून शेत वाचत नाही, हे गोमंतकाला नव्याने शिकवावे लागू नये.